रात्री दहाचा कार्यक्रम आणि पोहण्याच्या तलावाचा आकडा: टीव्ही मानसशास्त्रज्ञाच्या एका मुलाखतीचं प्रकरण

हे प्रकरण अमेरिकेतलं, १६ एप्रिल २०२० च्या रात्रीचं आहे. एका राष्ट्रीय वृत्तवाहिनीवर रात्री दहाला चालणारा मुलाखतींचा कार्यक्रम होता आणि पाहुणा होता त्या देशातला अतिशय ओळखीचा टीव्ही मानसशास्त्रज्ञ. त्याच्या बोलण्यातल्या काही वाक्यांनी एका रात्रीत वाद पेटला आणि त्या वादात त्याचा मूळ मुद्दा हरवला. तो मुद्दा महत्त्वाचा होता, म्हणून हे प्रकरण तपशिलात मांडावंसं वाटलं. पाहुणा, निवेदिका आणि वाहिनी यांची नावं गाळली आहेत. सगळं जाहीर असल्यामुळे काही वाचक ती ओळखतीलही, पण इथे लक्ष निर्णयांवर द्यायचं आहे. कॅमेऱ्यासमोर बोलायला जाणाऱ्या मराठी समुपदेशकांवर आणि मानसशास्त्रज्ञांवर हे निर्णय कधी ना कधी येतातच.

पार्श्वभूमी

पाहुण्याने १९७९ मध्ये चिकित्सा मानसशास्त्रात डॉक्टरेट मिळवली होती. काही वर्षं व्यवसाय केल्यावर तो न्यायालयीन खटल्यांसाठी सल्ला देण्याच्या कामाकडे वळला आणि तिथून टीव्हीवर आला. २००२ पासून त्याचा स्वतःचा दुपारचा कार्यक्रम देशभर दिसत होता. व्यसनं, मोडलेले संसार, आईवडिलांशी अबोला धरलेली मुलं अशी माणसं तिथे येत आणि तो त्यांच्याशी रोखठोक बोलत असे. मानसशास्त्रज्ञ म्हणून व्यवसाय करण्याचा परवाना त्याने २००६ नंतर नूतनीकृत केला नव्हता. यात बेकायदा काही नव्हतं, कारण तो करत होता तो टीव्हीचा कार्यक्रम होता, उपचार नव्हते. पण कार्यक्रमाच्या नावातच ‘डॉक्टर’ होतं. जवळजवळ वीस वर्षांच्या सवयीने प्रेक्षक त्याचा शब्द दवाखान्यातल्या डॉक्टरच्या शब्दासारखा ऐकत होते, आणि त्या रात्री याच गोष्टीने सगळ्यात जास्त घात केला.

आता तो आठवडा आठवू. अमेरिकेत कोविडने मेलेल्यांची संख्या ३० हजारांच्या वर गेली होती आणि दिवसाला दोन हजारांच्या आसपास माणसं मरत होती. कॅलिफोर्नियात घरीच राहण्याचा आदेश १९ मार्चपासून लागू होता. चार आठवड्यांत सुमारे दोन कोटी वीस लाख लोकांनी बेरोजगार भत्त्यासाठी अर्ज केले होते, आणि हा आकडा १६ एप्रिललाच जाहीर झाला. अमेरिकेत निम्म्याच्या आसपास लोकांचा आरोग्यविमा नोकरीशी बांधलेला असतो, त्यामुळे नोकरी गेली की पगाराबरोबर अनेकदा उपचारही जातात. त्याच दिवशी राष्ट्राध्यक्षांच्या कार्यालयाने निर्बंध तीन टप्प्यांत उठवण्याची मार्गदर्शक सूचना काढली होती. दारं उघडायची की बंद ठेवायची, हा त्या रात्रीचा सर्वांत तापलेला राजकीय प्रश्न होता आणि हा कार्यक्रम दारं उघडण्याच्या बाजूला झुकलेला होता.

आणखी एक गोष्ट पाहुण्याच्या कानावर गेली असणार. त्याच आठवड्यात, त्याच वाहिनीच्या दुसऱ्या कार्यक्रमात, टीव्हीमुळेच प्रसिद्ध झालेला एक हृदयशल्यचिकित्सक शाळा उघडण्याबद्दल बोलताना म्हणाला होता की त्याने एकूण मृत्यू दोनतीन टक्क्यांनीच वाढतील. मुलांच्या शाळेचा हिशेब मृत्यूंच्या टक्क्यांत मांडलेला ऐकून लोक हादरले. आपलं बोलणं चुकलं, असं त्याने १६ तारखेलाच जाहीर केलं होतं. म्हणजे धोक्याची पाटी रस्त्यात लागलेली होती, आणि ती अगदी ताजी होती.

त्या रात्री काय झालं

कार्यक्रमात आधी देशातले ज्येष्ठ संसर्गरोगतज्ज्ञ डॉ. अँथनी फाउची येऊन गेले होते. त्यानंतर मानसशास्त्रज्ञ दूरच्या जोडणीवरून पडद्यावर आला. विषय होता टाळेबंदीचा माणसांवर होणारा परिणाम, म्हणजे अगदी त्याच्या घरचा विषय.

बोलता बोलता तो मृत्यूंच्या तुलनेकडे गेला. त्याच्या म्हणण्याचा आशय असा: वर्षाला ४५ हजार माणसं मोटार अपघातांत मरतात, ४ लाख ८० हजार सिगारेटने मरतात, ३ लाख ६० हजार पोहण्याच्या तलावांत मरतात, पण त्यासाठी आपण देश बंद करत नाही. मग यासाठी का करतो? याचे परिणाम वर्षानुवर्षं राहतील, कारण लोकांची आयुष्यं उद्ध्वस्त होत आहेत.

शेवटच्या वाक्यात त्याचं खरं म्हणणं होतं. तिथपर्यंत कुणी पोहोचलंच नाही.

अडचण नेमकी कुठे होती

आधी आकडे पाहू. सिगारेटचा आकडा बरोबर आहे. अमेरिकेची रोगनियंत्रण संस्था तोच सांगते. मोटार अपघातांचा आकडा फुगलेला आहे, कारण त्या सुमाराला वर्षाला ३६ हजारांच्या आसपास मृत्यू होत होते. तलावांचा आकडा मात्र शंभरपटीने चुकला होता. अमेरिकेत नद्या, तळी, समुद्र, तलाव आणि घरातले टब सगळे धरूनही अपघाताने बुडून वर्षाला साडेतीन ते चार हजार माणसं मरतात. मग ३ लाख ६० हजार आले कुठून? जागतिक आरोग्य संघटनेचा २०१५ साठीचा अंदाज नेमका तेवढाच आहे, पण तो सगळ्या जगातल्या सगळ्या बुडून झालेल्या मृत्यूंचा आहे. बांगलादेशातल्या डबक्यात बुडालेलं मूल आणि आफ्रिकेतल्या सरोवरात उलटलेल्या होडीतला कोळी, दोघंही त्या आकड्यात आहेत. बहुधा हाच आकडा कुठेतरी वाचनात येऊन, संदर्भ गळून, अमेरिकेतल्या अंगणांतल्या तलावांना चिकटला असावा. घाईच्या तयारीत अशी चूक नेहमी होते. आकडा लक्षात राहतो आणि तो कशाचा आहे ते विसरलं जातं.

तरीही आकड्यापेक्षा मोठी चूक तुलनेत होती. सगळे आकडे अचूक असते तरी युक्तिवाद उभा राहिला नसता. बुडालेल्या माणसामुळे शेजारचा बुडत नाही. अपघातांची संख्या दर काही दिवसांनी दुप्पट होत नाही. मार्चच्या सुरुवातीला कोविडचे मृत्यू हाताच्या बोटांवर मोजण्याइतके होते आणि दीड महिन्यात ३० हजार झाले. अशा गोष्टीची तुलना वर्षानुवर्षं साधारण तेवढ्याच राहणाऱ्या आकड्याशी केली की ऐकणाऱ्याला धोक्याचा आकारच कळत नाही. शिवाय त्या इतर मृत्यूंसाठी समाज काही करत नाही, हेही खरं नाही. वाहन परवाना, सीटबेल्टची सक्ती, दारू पिऊन चालवण्यावरच्या शिक्षा, तंबाखूवरचे कर, सार्वजनिक ठिकाणी धूम्रपानबंदी, तलावाभोवतीचं कुंपण, जीवरक्षक, हे सगळं त्याच मृत्यूंमुळे आलं आहे.

यातली कोणतीही गोष्ट मानसशास्त्राची नाही. संसर्ग कसा वाढतो, निर्बंधांनी किती जीव वाचतात, हा साथरोगशास्त्राचा प्रांत आहे. अमेरिकेतल्या मानसशास्त्रज्ञांच्या मुख्य संघटनेच्या आचारसंहितेत माध्यमांत बोलण्यासाठी वेगळं कलम आहे. सार्वजनिक सल्ला किंवा मत देताना ते आपल्या व्यावसायिक ज्ञान, प्रशिक्षण किंवा अनुभवावर आधारलेलं असावं आणि विषयातल्या मान्य साहित्याशी जुळणारं असावं, याची काळजी घ्यावी, असं ते सांगतं. हे कलम संघटनेच्या सभासदांना बांधतं. पण परवाना असो वा नसो, ज्याच्या नावामागे डॉक्टरेट आहे आणि ज्याचं ऐकून माणसं घराबाहेर पडायचं की नाही हे ठरवू शकतात, त्याच्यासाठी तीच रेषा योग्य आहे, असं मला ठामपणे वाटतं.

कोणते पर्याय होते

त्याच्या मनात तेव्हा काय चाललं होतं हे बाहेरून सांगता येणार नाही. पण त्याच्या जागी बसलेल्या कुणाहीपुढे काही वाटा होत्या.

पहिला निर्णय आमंत्रण आलं तेव्हाचा. जायचंच नाही, ही वाट मला चुकीची वाटते. कोट्यवधी माणसं घरात कोंडलेली असताना मनाबद्दल बोलणारा माणूस पडद्यावर असायलाच हवा, मग वाहिनीचा कल कुठेही असो. उलट ज्या प्रेक्षकांना निर्बंध अन्यायाचे वाटत होते, त्यांच्यापर्यंत धीराचे शब्द पोहोचवायची ती उत्तम जागा होती. पण अशा कार्यक्रमात जाताना निर्मात्याशी आधी बोलून घ्यावं लागतं की मी कशाबद्दल बोलेन आणि कशाबद्दल नाही. ही अट घातल्याने आमंत्रण सहसा मागे घेतलं जात नाही. रात्री दहाच्या जागेसाठी माणूस मिळवणं निर्मात्यालाही सोपं नसतं.

दुसरी वाट तयारीची होती, आणि सगळ्यात जास्त हळहळ तिच्यासाठीच वाटते, कारण साहित्य हाताशी होतं. फेब्रुवारीच्या अखेरीस ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात लंडनच्या किंग्ज कॉलेजमधल्या संशोधकांनी विलगीकरणाच्या मानसिक परिणामांचा झटपट आढावा प्रसिद्ध केला होता. सार्स, इबोला, मर्स अशा साथींच्या वेळच्या २४ अभ्यासांवर तो आधारलेला होता. माणसाला नेमकं काय तोडतं ते त्यात स्पष्ट होतं: लांबलेला काळ, संसर्गाची भीती, कंटाळा आणि कोंडमारा, सामानाची टंचाई, अपुरी माहिती, पैशाचं नुकसान आणि नंतर चिकटणारा कलंक. उपायही होते. गरजेपेक्षा एक दिवसही जास्त कोंडू नका, का कोंडतो आहोत ते नीट सांगा, सामान पुरवा, आणि तुम्ही घरी राहता म्हणजे दुसऱ्याला वाचवता हे माणसांना जाणवू द्या. टाळेबंदी लांबू नये असं म्हणणाऱ्या मानसशास्त्रज्ञाला याहून भक्कम आधार कोणता हवा होता? त्याच्या बाजूचा पुरावा त्याच्याच विषयात होता. तो उचलण्याऐवजी त्याने दुसऱ्याच्या विषयातले आकडे उचलले.

तिसरी वाट प्रत्यक्ष बोलण्याच्या क्षणाची. निवेदिकेचा कल माहीत असतो आणि संभाषणाला वेग असतो. समोरचा मान हलवत असला की बोलणारा पुढचं उदाहरण देतो, मग आणखी एक देतो. तिन्ही आकड्यांची रांग ऐकताना हा ओघ जाणवतो. दूरच्या जोडणीवर तर समोरच्याच्या चेहऱ्यावरची शंकाही नीट दिसत नाही. इथे थांबण्याचा एकच उपाय आहे, आणि तो कार्यक्रमाच्या आधीच करावा लागतो: तपासलेल्या आकड्यांखेरीज एकही आकडा तोंडातून काढायचा नाही, हा नियम स्वतःला घालून घेणं.

निवेदिकेसमोरही निर्णय होता. देशात तलावांत साडेतीन लाख माणसं बुडतात हे ऐकून कुणीही दचकायला हवं होतं. ‘हा आकडा नक्की बरोबर आहे ना?’ एवढा एक प्रश्न पाहुण्याला सावरायची संधी देऊन गेला असता. नियंत्रण कक्षात बसलेल्या माणसालाही ते कानातल्या यंत्रातून सांगता आलं असतं. पण पाहुणा आपल्या बाजूचं बोलत असला की त्याला अडवावंसं वाटत नाही, आणि अशा वेळी पाहुण्याचंच जास्त नुकसान होतं.

दुसऱ्या दिवशी काय केलं

रात्रीतच ती चित्रफीत समाजमाध्यमांवर पसरली. शुक्रवारी, १७ एप्रिलला, मानसशास्त्रज्ञाने स्वतःची चित्रफीत टाकून खुलासा केला. समाज म्हणून आपण काही जीवघेणे धोके स्वीकारून जगतो, एवढंच म्हणायचं होतं, असं त्याने सांगितलं. ते धोके संसर्गजन्य नाहीत, त्यामुळे उदाहरणं बहुधा चुकीची होती, हेही मान्य केलं. शब्दांची निवड आवडली नसेल तर माफी मागतो, असं म्हटलं.

लगेच बोलला, हे चांगलं केलं. उदाहरणं चुकली हे कबूल केलं, हेही चांगलं केलं. पण माफी सशर्त होती. कुणाला शब्द आवडले की नाही, हा प्रश्न नव्हताच. चुकीची माहिती दिली गेली होती आणि ती दुरुस्त करायची होती. शंभरपटीने चुकलेला आकडा दुरुस्त करून सांगणं हा खुलाशाचा गाभा व्हायला हवा होता, तो झाला नाही. आणि दुरुस्ती जिथे चूक झाली त्याच ठिकाणी, त्याच वेळेला, त्याच प्रेक्षकांपुढे व्हावी लागते. रात्री दहाला त्या वाहिनीसमोर बसणारा एखादा निवृत्त गृहस्थ दुसऱ्या दिवशी समाजमाध्यमावर खुलासा शोधायला जात नाही.

पुढे काय झालं

त्याच्या व्यवसायावर फारसा परिणाम झाला नाही. दुपारचा कार्यक्रम २०२३ पर्यंत चालला. परिणाम झाला तो मुद्द्यावर. लोकांच्या लक्षात राहिला तो पोहण्याचा तलाव, टाळेबंदीचे मानसिक परिणाम नव्हे. जे मानसशास्त्रज्ञ खरोखरच धोक्याची सूचना देत होते, त्यांचं काम यामुळे सोपं नक्कीच झालं नसेल.

नंतरच्या आकड्यांनी दोन्ही गोष्टी दाखवल्या. २०२० मध्ये अमेरिकेत कोविड हे मूळ कारण असलेले मृत्यू ३,५०,८३१ होते, तेही एवढे निर्बंध असताना. म्हणजे तलावांच्या नावावर खोटा पडलेला आकडा त्या वर्षी विषाणूने जवळजवळ खरा करून दाखवला. पण मनाबद्दलची त्याची काळजीही पोकळ नव्हती. रोगनियंत्रण संस्थेने जूनच्या अखेरीस केलेल्या पाहणीत सुमारे ४१ टक्के प्रौढांनी चिंता, नैराश्य, आघाताची लक्षणं किंवा वाढलेलं व्यसन यांपैकी किमान एक त्रास सांगितला. अमली पदार्थांच्या अतिसेवनाने त्या वर्षी ९१ हजारांहून जास्त माणसं गेली आणि ही वाढ प्रचंड होती. आत्महत्या मात्र, बऱ्याच जणांच्या अंदाजाविरुद्ध, २०१९ च्या ४७,५११ वरून ४५,९७९ वर आल्या. मनाचं नुकसान एका सरळ रेषेत जात नाही. ते कुठे व्यसनात दिसतं, कुठे झोपेत, कुठे घरातल्या मारहाणीत. म्हणूनच ते समजावून सांगायला त्या विषयाचा माणूस लागतो.

आपल्याकडे चित्र वेगळं होतं. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या अहवालानुसार भारतात २०२० मध्ये १,५३,०५२ आत्महत्या झाल्या. आदल्या वर्षापेक्षा ही वाढ १० टक्के होती. त्यांत ३७,६६६ रोजंदारी कामगार होते आणि राज्यांमध्ये सर्वाधिक नोंद, १९,९०९, महाराष्ट्रातली होती. साथीच्या एकाच वर्षाने दोन देशांत दोन वेगळे आकडे दाखवले. मराठी वाहिनीवर बसून अमेरिकेचा किंवा जगाचा आकडा इथल्या माणसांवर लावणाऱ्या तज्ज्ञाने एवढं तरी पाहायला हवं.

काय वेगळं करता आलं असतं

या प्रकरणात सर्वांत मोलाची जागा मला तो क्षण वाटतो, जेव्हा बोलणं मनावरून मृत्यूंच्या संख्येकडे सरकलं. तिथे एक वेगळं उत्तर शक्य होतं. माझ्या मते ते साधारण असं असायला हवं होतं:

‘टाळेबंदी कधी उठवावी हे साथरोगतज्ज्ञ सांगतील. थोड्या वेळापूर्वी तुमच्याच कार्यक्रमात ते बोलून गेले. मी घरात बसलेल्या माणसाबद्दल सांगतो. नोकरी गेली की आधी दिवसाची घडी विस्कटते, मग झोप जाते, मग घरच्यांशी बोलणं तुटतं. याआधीच्या साथींचे अभ्यास सांगतात की माणूस कोंडून राहू शकतो, पण किती दिवस आणि कशासाठी, हे त्याला माहीत असावं लागतं. म्हणून सरकारकडे माझं मागणं आहे: तारीख सांगा, कारण सांगा आणि पैसे पोहोचवा. आणि आता हे ऐकत असलेल्या माणसाला सांगतो, उद्या ठरलेल्या वेळी उठा आणि रोज एका माणसाला फोन करा.’

या उत्तरात निर्बंधांवर टीका आहे, सरकारकडे मागणी आहे आणि प्रेक्षकाच्या हातात उद्या सकाळी करण्यासारखं काही आहे. निवेदिकेला तिच्या बाजूचं बोलणंही मिळालं असतं. तिने तरीही रेटून ‘पण मग देश उघडावा की नाही?’ असं विचारलं असतं, तर ‘ते ठरवताना मनाच्या नुकसानाचाही हिशेब धरा, तो हिशेब मी देऊ शकतो’ इतकं पुरलं असतं. ‘हे माझ्या विषयात बसत नाही’ असं पडद्यावर म्हटलं की माणूस कमी दिसतो, ही भीती बऱ्याच तज्ज्ञांना असते. प्रेक्षकाला ते उलट वाटतं. आपला विषय कुठे संपतो हे माहीत असलेल्या माणसावर तो जास्त विश्वास ठेवतो.

कार्यक्रम करणाऱ्यांनीही दोन गोष्टी बदलायला हव्यात. पाहुण्याच्या नावाखालच्या पट्टीत त्याची खरी पात्रता लिहावी. मराठी वाहिन्यांवर मानसशास्त्रज्ञ, समुपदेशक आणि मानसोपचार करणारे वैद्यकीय डॉक्टर एकाच पट्टीखाली सर्रास दाखवले जातात. भारतात चिकित्सा मानसशास्त्रज्ञासाठी भारतीय पुनर्वसन परिषदेकडे (आरसीआय) नोंदणी असते. ती आहे का, एवढं निर्मात्याने आमंत्रण देण्याआधी विचारायला काही हरकत नाही. दुसरी गोष्ट आकड्यांची. पाहुणा कोणते आकडे वापरणार आहे ते दुपारीच मागून घ्यावेत आणि संशोधन पाहणाऱ्या माणसाने ते तपासावेत. थेट प्रक्षेपणात न सांगितलेला आकडा आलाच, तर निवेदकाने तो तिथल्या तिथे विचारावा, आणि चुकीचा निघाला तर दुसऱ्या रात्री त्याच वेळी, कार्यक्रम सुरू करताना, बरोबर आकडा वाचून दाखवावा.